कुंडीतला वटाणा आणि दोन सेकंदांचा सिनेमा

रेकॉर्डिंग नेहमीप्रमाणे नारायण पेठेतूनच, पत्र्या मारुतीच्या मागच्या आमच्या वाड्यातून. शेजारचा वाडा पाडायचं काम चालू आहे, त्यामुळे मधूनमधून घणाचे आवाज येतील. ऐकणाऱ्यांनी सांभाळून घ्यावं. वाचणाऱ्यांना काही त्रास नाही.

आजचा विषय म्हणजे एक फिल्म. लांबी मिनिटभराहून थोडी जास्त. तिच्यात माणूस नाही, देव नाही, राजा नाही, गोष्टही नाही. कुंडीत वटाणा पेरलाय, तो उगवतो, वाढतो, त्याचा वेल होतो, बस. नाव ‘अंकुराची वाढ’, साल १९१२, करणारे धुंडिराज गोविंद फाळके. ‘राजा हरिश्चंद्र’ लागला ३ मे १९१३ला, गिरगावात कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये. म्हणजे ज्यांना आपण भारतीय कथापटाचे जनक म्हणतो, त्यांनी हरिश्चंद्राच्या आधी जी फिल्म पैसेवाल्यांसमोर ठेवली, ती एका रोपाकडे बघत बसण्याची होती.

निसर्गाचं निरीक्षण करणारे माहितीपट म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर वाघ येतो, लांबलचक लेन्स येते, मचाणावर आठ-आठ दिवस बसलेला कॅमेरामन येतो. मराठी माणसाच्या हातून या धाटणीचं पहिलं काम झालं ते मात्र दादरच्या एका बंगल्यात, मातीच्या कुंडीसमोर. आणि त्याची जी हकीकत आपण सगळे सांगतो, ती गणितात बसत नाही, हे मला आज सांगायचंय. हे मला पुस्तक वाचून कळलं नाही. स्वतः वटाणा लावून फजिती झाली तेव्हा कळलं. त्या फजितीकडे येतोच, आधी थोडी पार्श्वभूमी.

फाळक्यांचा जन्म ३० एप्रिल १८७०चा, त्र्यंबकेश्वरचा. १८८५मध्ये मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्ट, पुढे बडोद्याचं कलाभवन. हे कलाभवन सयाजीराव गायकवाडांचं. आमच्या पेठेतला केसरीवाडा हासुद्धा मुळात गायकवाड वाडा, त्याच महाराजांचा, तो टिळकांनी घेतला. म्हणजे एकाच राजाच्या एका वास्तूत फाळके छायाचित्रण शिकले आणि दुसऱ्या वास्तूतून ‘केसरी’ निघत राहिला. याचा पुढच्या गोष्टीशी फार संबंध नाही. पण इथे राहून हे सांगितलं नाही तर चुकल्यासारखं वाटतं.

त्यानंतर फाळक्यांनी काय काय केलं बघा. गोध्र्याला फोटो स्टुडिओ काढला. तिथे प्लेगात पहिली पत्नी आणि मूल गेलं. मग पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समन आणि छायाचित्रकार म्हणून नोकरी. मग लोणावळ्याला ब्लॉक करण्याचा आणि छपाईचा धंदा. या सगळ्यात एक सूत्र आहे. पुरातत्त्वाचा ड्राफ्ट्समन स्वतःच्या मनातलं चित्र काढत नाही. खांबावरचं नक्षीकाम जसं झिजलंय तसं झिजलेलंच त्याला कागदावर उतरवावं लागतं. ब्लॉकमेकर मूळ चित्रात भर घालत नाही. समोर आहे ते जसंच्या तसं उतरवण्यात या माणसाची उमेदीची वर्षं गेलेली होती. पौराणिक सिनेमामुळे आपण त्यांना चमत्काराचे कारागीर म्हणून ओळखतो, आणि ते होतेच. पण चमत्कार दाखवण्याआधी त्यांचा हात नोंद घेण्यात तयार झाला होता.

मग ती गिरगावातली प्रसिद्ध रात्र. अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरची फिल्म बघितली आणि आपले राम-कृष्ण असे पडद्यावर कधी दिसतील, हा विचार डोक्यात बसला. तो १९१०चा नाताळ की १९११चा ईस्टर, यावर चरित्रकारांचं एकमत नाही. काही चरित्रांमध्ये आणखी एक तपशील येतो, तो मला जास्त आवडतो. आदल्याच दिवशी ते मुलाला, भालचंद्रला घेऊन गेले होते आणि तेव्हा पडद्यावर होते प्राणी. बापलेक घरी येऊन पडद्यावर खरे प्राणी हलताना बघितले असं सांगताहेत आणि घरच्यांचा विश्वास बसत नाही. म्हणून दुसऱ्या दिवशी सगळ्या घराला नेलं, तेव्हा ख्रिस्त दिसला.

त्यानंतर रोज सिनेमे बघून, झोप मारून प्रयोग करून त्यांची दृष्टीच जायची वेळ आली. उपचारांनी ती वाचली. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून फेब्रुवारी १९१२मध्ये ते लंडनला गेले. ‘बायस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांची ओळख काढली, त्यांच्या मार्फत सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ बघितला, विल्यमसन कॅमेरा ठरवला आणि १ एप्रिलला परत मुंबईत. बोटीचा प्रवास धरूनही सगळं दोन-अडीच महिन्यांत.

आता लंडनमध्ये त्या काळात काय चाललं होतं? पर्सी स्मिथ नावाचा एक गृहस्थ फुलं उमलताना टिपत होता. त्याची ‘द बर्थ ऑफ अ फ्लॉवर’ १९१०मध्ये पडद्यावर आली होती आणि लोकांनी ती डोक्यावर घेतली होती. हा मनुष्य आपल्या राहत्या घरातच यंत्रं लावून बसायचा. रात्री काही बिघडलं तर जाग यावी म्हणून त्याने घरभर घंटांची व्यवस्था केली होती. त्याच्याही आधी, १९००च्या आसपास, जर्मनीत लाइपझिगला पफेफर नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञाने रोपांच्या हालचाली अशाच टिपल्या होत्या, विद्यार्थ्यांना दाखवायला. म्हणजे वनस्पतीची वाढ कॅमेऱ्यात धरणं ही युक्ती जगात नवी नव्हती. फाळक्यांचं नवेपण वेगळं. पफेफरला विद्यापीठ होतं, स्मिथच्या मागे चार्ल्स अर्बनसारखा मोठा निर्माता होता. फाळक्यांच्या मागे कर्ज होतं आणि समोर असे लोक होते ज्यांना ही सगळी नवी कल्पना वेडेपणा वाटत होती.

यंत्रसामग्री मे १९१२मध्ये आली. चार दिवसांत ती जोडून झाली. आधी मुलांचे खेळ वगैरे टिपून कॅमेरा चालतो हे बघितलं. मग वटाणा. तयार झालेली फिल्म निवडक लोकांना दाखवली आणि यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहरे यांनी कर्ज देऊ केलं. त्यातून ‘हरिश्चंद्र’ उभा राहिला.

वटाणाच का, असा प्रश्न मला बरेच दिवस होता. तोच पैसा आणि तीच फिल्म वापरून घोडागाडी दाखवता आली असती, चौपाटी दाखवता आली असती. पण घोडागाडी सावकाराला खिडकीतून फुकट दिसते. रोप वाढताना कुणालाच दिसत नाही. आपण रोज कुंडीला पाणी घालतो, तरी वाढताना कधी बघितलंय का? सकाळी उठून ‘अरेच्चा, एवढं झालं’ एवढंच म्हणतो. जे डोळ्यासमोर असून दिसत नाही ते हे यंत्र दाखवू शकतं, हे पटवायचं होतं. आणि त्यात कसलीही हातचलाखी नाही हे समोरच्याला लगेच कळतं, कारण वटाणा सगळ्यांच्या घरात असतो. पैशाची अडचण असलेल्या माणसाने केलेली ही निवड मला फार हुशारीची वाटते.

आता गणित. सगळीकडे हकीकत अशी सांगतात: फाळक्यांनी कुंडीत वटाणे पेरले, समोर कॅमेरा ठेवला, महिन्याहून जास्त काळ रोज एक चित्र घेतलं आणि मिनिटभराहून थोडी मोठी फिल्म तयार झाली. मीही एका जुन्या भागात असंच सांगितलं होतं. आणि मागच्या नोव्हेंबरमध्ये उत्साहाच्या भरात ठरवलं की आपण करून बघू. किराणावाल्याकडून सुके हिरवे वटाणे आणले, रात्रभर भिजवले, कुंडीत लावले. खिडकीत फोन स्टँडवर घट्ट बांधला. रोज सकाळी आठला एक फोटो. ३१ दिवस, एकही न चुकता.

मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण १६ चित्रं जायची. तो वेग धरून ते ३१ फोटो जोडले. फिल्म दोन सेकंदांचीसुद्धा झाली नाही. आजी चष्मा शोधत होती, तिने तो डोळ्याला लावेपर्यंत संपली.

मग कागद-पेन्सिल घेतली. सेकंदाला १६ म्हणजे एका मिनिटाला ९६०. छत्तीस दिवस धरू. रोज एक तर ३६ चित्रं, सव्वादोन सेकंद. बरं, रोज एक चित्र नाही, हँडलचा रोज एक फेरा असं समजू. त्या काळच्या कॅमेऱ्यात साधारणपणे एका फेऱ्याला आठ चित्रं निघायची. ३६ गुणिले आठ, २८८ चित्रं, १८ सेकंद. तीही धड नाहीत, कारण आठ चित्रं एकसारखी आणि मग एकदम उडी. अंकुर वाढण्याऐवजी उड्या मारत बसेल. तेच चित्र पुन्हापुन्हा छापून लांबी वाढवली तरी तीच गत. तशा फिल्मने सावकार खिशात हात घालणार नाही.

मिनिटभर फिल्म हवी आणि हातात महिना-सव्वा महिना, तर दिवसाला २६-२७ चित्रं लागतात. जूनमध्ये मुंबईत दिवस तेरा तासांचा. म्हणजे दर अर्ध्या तासाला एक. पहाटे उजेड फुटल्यापासून संध्याकाळी उजेड जाईपर्यंत, दर अर्ध्या तासाला कुणीतरी कुंडीसमोर जाऊन हँडल अगदी मोजकंच फिरवायचं, कॅमेरा तसूभरही हलू न देता. चूक झाली तर ती तेव्हा कळत नाही, फिल्म धुतल्यावर कळते.

शिवाय मोसम. वटाणा आपल्याकडे थंडीचं पीक. यंत्रं आली मे महिन्यात, म्हणजे उकाडा नाही तर पाऊस, दोन्ही वटाण्याला न मानवणारे. ढग आले की उजेड पडला, ढग गेले की उजेड चढला, पडद्यावर ते सगळं लखलखत दिसणार. फिल्मही आजच्यासारखी नाही, तांबड्या रंगाला जवळजवळ आंधळी. कोरी फिल्म यायची तिला कडेची भोकंही नसायची. अंधाऱ्या खोलीत बसून ती हाताने पाडावी लागायची. लंडनहून भोकं पाडायचं यंत्र आणलेलं होतं, ते कोण चालवायचं? सरस्वतीबाई. फाळक्यांनी कॅमेऱ्याबरोबर हे काम घरच्यांना शिकवलं, आणि त्यात मुख्य हात त्यांचा होता. फिल्म धुणं, रसायनं कालवणं, पुढे शूटिंगच्या वेळी उन्हात पांढरी चादर धरून उजेड परतवणं, कंपनीतल्या सगळ्यांचा स्वयंपाक, हे सगळं त्यांनी केल्याचं फाळक्यांच्या चरित्रांमध्ये आहे.

त्यामुळे ‘रोज एक चित्र’ ही हकीकत मला खटकते ती नुसत्या आकड्यांसाठी नाही. रोज एक चित्र म्हटलं की एक तल्लख माणूस सकाळी येतो, कळ दाबतो आणि आपल्या कामाला जातो, असं चित्र उभं राहतं. दर अर्ध्या तासाला एक म्हटलं की घर उभं राहतं. फाळके बाहेर पैशासाठी खेटे घालत असतील, त्या वेळी कुंडीपाशी कोण असेल? माझ्यापुरतं मी याचं उत्तर काढलंय, आणि ते मला दुसऱ्या प्रयोगात मिळालं.

दुसरा वटाणा जानेवारीत लावला. सकाळी सातपासून संध्याकाळी साडेसहापर्यंत दर अर्ध्या तासाला एक, दिवसाला २४ फोटो. पण मला नोकरी आहे. फोन आपोआप फोटो काढू शकतो हे मला माहीत आहे, कृपया लिहून कळवू नका. फाळक्यांकडे ते नव्हतं, म्हणून मलाही ते नको होतं. शेवटी आजीला विचारलं.

“म्हणजे मी दिवसभर तुझ्या वटाण्याला राखण बसू?”

“आजी, दर अर्ध्या तासाने नुसतं एक बटण दाबायचं.”

“भाजी चुलीवर असेल तर?”

“तर मग पाच मिनिटं उशिरा दाब.”

“पाच मिनिटांनी रोप पळून जायचं नाही ना? मग ठीक आहे.”

चौतीस दिवस आजीने ते केलं. पहिले सहा दिवस कुंडीत नुसती माती, तिचेही फोटो. “काहीच नाहीये रे, कशाचे काढू?” असं रोज विचारायची. सातव्या दिवशी दुपारी ऑफिसात फोन, “आला.” वटाण्याची डाळिंबी घेवड्यासारखी वर येत नाही, खालीच राहते. वर येतो तो मान वाकवलेला कोंब. तो कोंब माती फोडतो, मग मान सरळ करतो. हे मी ‘वाचलेलं’ होतं. आजीने बघितलं. पुढे तिनेच मला सांगितलं की वेलाचे ते धाग्यासारखे ताणे सरळ वर जात नाहीत, चाचपडत गोल फिरतात आणि दोरी लागली की तासाभरात विळखा घालतात. डार्विनने १८६५मध्ये वेलींच्या या फिरण्यावर अख्खा ग्रंथ लिहिला. आजी दिवसातून चोवीस वेळा एकाच ठिकाणी बघत होती, त्यामुळे तिला ते फुकटात कळलं.

निरीक्षण, निरीक्षण असं आपण माहितीपटांच्या संदर्भात म्हणतो तेव्हा ते बऱ्याचदा दिग्दर्शकाच्या नजरेचं कौतुक असतं. मला वाटतं त्यातला मोठा भाग नजरेचा नसतोच, हजेरीचा असतो. तिथे असणं. काही होत नसताना असणं.

फाळक्यांनी ही सवय सोडली नाही, हेही सांगितलं पाहिजे. पौराणिक चित्रपट गाजत होते तेव्हाच ते छोट्या छोट्या फिल्मही करत होते. नाशिक-त्र्यंबकेश्वरचे देखावे टिपले. तळेगावच्या काच कारखान्यावर फिल्म केली. हा पैसा फंडाचा कारखाना, एकेक पैसा गोळा करून काढलेला, टिळकांचा त्याला पाठिंबा. आगकाड्या एकेक सरकवून त्यांच्या हलत्या आकृत्या केल्या, ती तर वटाण्याचीच युक्ती, फक्त इथे वाढवणारे ते स्वतः. चित्रपट कसा तयार होतो यावरही त्यांनी एक फिल्म केली. तिचा काही भाग आज उपलब्ध आहे, त्यात साक्षात फाळके काम करताना दिसतात. मंडालेहून १९१४मध्ये सुटून आल्यावर टिळकांनी फाळक्यांसाठी मोठं भांडवल उभं करण्याची खटपट केली, ती जमली नाही. १९१७-१८मध्ये ‘नवयुग’ मासिकात फाळक्यांनी आपल्या धडपडीवर लेखमाला लिहिली, ज्याला या विषयात रस आहे त्याने ती मिळवून वाचावी.

पुढे कोल्हापूरला बाबूराव पेंटरांनी १९२५मध्ये ‘सावकारी पाश’ केला. कथा नारायण हरी आपट्यांची, तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत शांताराम. सावकाराने जमीन गिळलेला शेतकरी शहराकडे जातो, एवढीच गोष्ट. त्यातल्या अंधुक उजेडातल्या झोपडीची आणि बाहेर रडणाऱ्या कुत्र्याची आठवण ज्यांनी बघितलं ते पुढे कित्येक वर्षं काढत. खेडं जसं आहे तसं दाखवण्याची ही आपल्याकडची मोठी सुरुवात. त्यावर वेगळा भाग करू.

‘सावकारी पाश’ आज उपलब्ध नाही. ‘अंकुराची वाढ’सुद्धा नाही. लोकांना वाटतं ती कुठेतरी असेल, कारण ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’मध्ये परेश मोकाशींनी तो प्रसंग घेतलाय आणि तो आपल्या डोळ्यासमोर असतो. ‘राजा हरिश्चंद्र’चीही चारपैकी दोन रिळंच हाती आहेत, पहिलं आणि शेवटचं, आणि तीही १९१७च्या पुनर्निर्मितीची असावीत असं अनेक अभ्यासक म्हणतात. जे वाचलं ते पुण्यामुळे. १९६४मध्ये इथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झालं आणि पी. के. नायर या माणसाने फाळक्यांच्या घरच्यांपर्यंत जाऊन डबे गोळा केले. आणि याच पुण्यात जानेवारी २००३मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या कोठाराला आग लागून जुन्या नायट्रेट फिल्म जळाल्या. नायट्रेट ही मुळात पेटायला टपलेलीच वस्तू, एकदा धरली की पाण्यालाही दाद देत नाही. त्या दिवशी लॉ कॉलेज रोडवरून गेलेल्यांना धूर आठवत असेल.

आमची दुसरी फिल्म ७८० फोटोंची झाली, ४९ सेकंदांच्या आसपास. चौतीस दिवसांचे ८१६ व्हायला हवे होते, पण एक अख्खा दिवस आजी लग्नाला गेली होती आणि काही वेळा वीज, पाहुणे, झोप. लग्नाच्या दिवशी वेल एकदम दोन बोटं वर उडतो. शेजारच्या पाडकामाची धूळ बसून पानं मध्येच करडी होतात, मग आजी पुसते, मग हिरवी होतात. चार ठिकाणी तिची बोटं आली आहेत, पाणी घालताना. मी ते फोटो काढून टाकणार होतो.

“राहू दे की,” ती म्हणाली. “पाणी कुणी घातलं नाही तर वाढला कसा, असं विचारतील लोक.”

कुणाला करून बघायचं असेल तर दोन सूचना. वटाणा दिवाळीनंतर लावा, उन्हाळ्यात हट्ट करू नका. आणि कुंडी एकदा ठेवली की झाडूवाल्या मावशींना सांगून ठेवा, आमची तिसऱ्या दिवशी चार बोटं सरकली होती.